तिथीची भरती, नक्षत्राचा वारा

श्रावण शुद्ध अष्टमी. हिवरखेड.

खर्च नाही. पाऊस दिवसभर. उद्या अकोल्याची बस, मग मुंबईची गाडी, मग अलिबाग.

प्रश्न आधीच मांडून ठेवतो. कथेसाठी समुद्रावर जगणारा एखादा समाज कल्पिला, तर त्याचे पंचांग कसे असावे? कल्पित पंचांगे रचणारे बहुधा नावांपासून सुरुवात करतात: सारख्या दिवसांचे महिने, त्यांना लाटांची नि माशांची नावे. माझे म्हणणे असे, की त्या लोकांना कशाची वाट पाहावी लागते हे आधी ठरले पाहिजे. पुरावा हिवरखेडातच आहे. सातपुड्याच्या पायथ्याच्या या गावात पेरणीचा हिशेब मिरगापासून सुरू होतो. मृग 7-8 जूनला लागतो. पुढे तेरा-चौदा दिवसांनी आर्द्रा, मग पुनर्वसू, पुष्य, आश्लेषा. ही सूर्याची नक्षत्रे, म्हणून इंग्रजी तारखेला दरवर्षी जवळजवळ तिथेच येतात. पाऊस सूर्याच्या चालीने येतो, तेव्हा कास्तकार सूर्य मोजतो. कोणी म्हणेल, पोळा तर श्रावण अमावास्येला, तो चंद्राचाच. खरे आहे. पण सण चंद्रावर चालतो आणि तिफण सूर्यावर. पोळा पंधरा दिवस पुढे गेला तर काही अडत नाही. पेरणी तेवढी सरकली तर हंगाम हातचा जातो.

नवमी. गाडीत.

बस पाऊण तास उशिरा. गाडी दोन तास दहा मिनिटे उशिरा. बस 115, चहा दोनदा 30, जेवण 140, पाणी 40. एकूण 325, गाडीचे तिकीट वेगळे. मान दुखते. आज एवढेच.

दशमी. अलिबाग.

पावसाळ्यात गेटवेहून मांडव्याची लाँच बंद, म्हणून पनवेलवरून रस्त्याने. बस पुन्हा उशिरा, दीड तास. बस आणि रिक्षा मिळून 290, खोली 900, जेवण 180. कपडे अजून ओले. लाँच बंद राहते ती वाऱ्यामुळे, चंद्रामुळे नव्हे. हा मुद्दा पुढे लागणार आहे.

एकादशी. अलिबाग.

कुलाबा किल्ल्यात चालत जाता येते ते फक्त ओहोटीला. कालच्या उशिराची चीड उतरली, कारण इथे वेळापत्रक तिथीचे आहे आणि ते कोणासाठी थांबत नाही. किनाऱ्यावरचा हिशेब असा: तिथीच्या आकड्याची पाऊणपट करावी, येईल ती पूर्ण भरतीची वेळ. एकादशीला अकरा पाऊणे सव्वाआठ. त्यात सहा तास बारा मिनिटे मिळवली की दोन वाजून सत्तावीस मिनिटांनी पूर्ण सुकती, म्हणजे ओहोटी. या हिशेबाचे मूळ तिथीच्या व्याख्येतच आहे. चंद्र सूर्यापासून 12 अंश पुढे गेला की एक तिथी संपते. आकाशाचे 360 अंश फिरायला 24 तास, म्हणजे 12 अंशांना 48 मिनिटे, जुन्या मापात नेमक्या दोन घटिका. भरती दर तिथीला तेवढीच पुढे सरकते. तिथी कधी क्षय पावते, कधी वृद्धी, म्हणून शहरी माणसाला ती बेभरवशाची वाटते. पण ती सूर्योदयाशी बांधलेला दिवस नाही, चंद्र-सूर्यातले अंतर आहे, आणि पाणी त्याच अंतरावर चालते. अमावास्या-पौर्णिमेला दोघांची ओढ एका रेषेत येते, तेव्हा उधाण. अष्टमीच्या सुमारास ती काटकोनात पडते, तेव्हा भांग, म्हणजे पाण्याचा चढउतार सगळ्यांत कमी.

दोन आक्षेप घ्यायला हवेत. पहिला, 48 च्या जागी 45 मिनिटे धरली तर पौर्णिमेपर्यंत पाऊण तासाची तूट पडते. मान्य. छापील कोष्टक जास्त अचूक आहे आणि पाण्यात उतरणाऱ्याने तेच पाहावे; पण पाऊणकीचा पाढा तोंडी राहतो, आणि कोष्टक हाती नसताना निदान कोणत्या प्रहरी निघायचे ते सांगतो. दुसरा आक्षेप मोठा: हा पाढा सगळ्या बंदरांना लागू नाही, कारण त्याच तिथीला दुसऱ्या किनाऱ्यावर भरतीची वेळ निराळी. यातून माझे म्हणणे पक्केच होते. समुद्राच्या पंचांगाला बंदर लागते. कल्पित समाजालाही प्रत्येक बेटाचा वेगळा पाढा द्यावा लागेल.

द्वादशी.

चहा 15, जेवण 200. पाऊस. मान तशीच.

ताटात सुक्या बोंबलाचे कालवण आणि भात. आगोटीला, म्हणजे पावसाच्या तोंडावर, घरात भरून ठेवलेली सुकी मासळी या दिवसांत बाहेर निघते. बोटी किनाऱ्याला असताना समुद्रावरचे घर काय खाते, याचे उत्तर पंचांगात असायला हवे. नुसती निघण्याची तिथी पुरत नाही, साठवणीचीही लागते. वऱ्हाडात उन्हाळ्यात केलेल्या कुरड्या-वड्यांचा हिशेब याच जातीचा आहे.

त्रयोदशी.

मग समुद्राचे पंचांग निव्वळ चांद्र असावे का? नाही. हवाई बेटांत चांद्र महिन्याच्या प्रत्येक रात्रीला स्वतंत्र नाव आहे, आणि अर्ध्या चंद्राजवळच्या काही रात्री मासेमारीला निरुपयोगी मानल्या आहेत. तो आपला भांगच. पण रात्रींची नावे भरती सांगतात, वारा सांगत नाहीत. चांद्र वर्ष 354 दिवसांचे, सौर वर्षाहून सुमारे 11 दिवस तोकडे. हिजरी सनात अधिक महिना नाही, त्यामुळे त्याचे महिने सगळ्या ऋतूंतून फिरतात. म्हणून पंधराव्या शतकातला अरब नाखवा इब्न माजिद जहाजे हाकारण्याचे दिवस नैरोझपासून, म्हणजे सौर वर्षारंभापासून, मोजून देतो. मोसमी वारा सूर्याचा, हे त्याला पक्के ठाऊक होते. मोसम हा आपला शब्दही मूळ अरबीच. समुद्राला अशी दोन घड्याळे लागतात. पाण्याचे चंद्रावर चालते, वाऱ्याचे सूर्यावर.

पौर्णिमा.

आज नारळ समुद्राला. दोन्ही घड्याळे जुळतात ती या दिवशी. दिवस पौर्णिमेचा, म्हणजे उधाणाचा, चंद्राने दिलेला. महिना श्रावण, वारा उतरू लागण्याचा, आणि अधिक महिना त्याला ऋतूबाहेर जाऊ देत नाही. 2023 साली अधिक श्रावण होता, तेव्हा नारळी पौर्णिमा 30 ऑगस्टला आली. 2024 साली 19 ऑगस्टला. ही सरक होडीसाठी फार आहे, असे कोणी म्हणेल. पण नारळाने वारा थांबतो असे पंचांग म्हणत नाही. वारा उतरण्याच्या मोसमात सगळ्या गावाला एका दिवशी किनाऱ्यावर आणणे हे त्याचे काम. पश्चिम किनाऱ्यावरची केंद्राची मासेमारीबंदी 1 जून ते 31 जुलै, 61 दिवस, तारखेवर चालते. ते योग्यच आहे, कारण पावसाळी वारा आणि माशांची वीण ऋतूने चालतात.

म्हणून कल्पित दर्यावर्दींना मी महिन्यांची नवी नावे देणार नाही. रात्री मोजायला चंद्र देईन, वर्ष मोजायला वारा, आणि दोघांचा मेळ घालायला अधिक महिना. म्हणजे आपलेच पंचांग. हिवरखेडच्या भिंतीवर तेच टांगलेले आहे. तिथे त्यातले नक्षत्र आधी वाचतात, इथे तिथी.

उद्या परत.