ढोल कुणाचा?

चि. मनू हिस,


देसी आर्नाझच्या वाद्यवृंदाचा १९४६ चा लघुपट तू पाठवलास आणि खाली लिहिलंस, ‘हा माणूस ढोल घेऊनच जन्मला असणार!’ ते वाचलं आणि मला राहवेना.

अगं, तो ढोल त्याचा नव्हे. क्युबातल्या सांतियागोचा हा मुलगा, बड्या घरचा. वडील शहराचे महापौर. १९२५ मध्ये कार्निव्हलच्या मिरवणुकांतल्या कोंगावर, म्हणजे ढोलांवरच्या त्या नाचगाण्यावर, बंदी घातली ती त्यांनीच! वाजवणारे कोण, तर बहुतेक काळ्या वस्त्यांतली कष्टकरी माणसं. पुढे १९३३ मध्ये सत्ता उलथली, वडील तुरुंगात गेले, कुटुंब देशोधडीला लागलं. मायामीत पोराच्या पोटाला आधार दिला तो त्याच कोंगानं. मेहनत त्यानं केली, ती मी नाकारत नाही. पण मागे बसून वाजवणाऱ्यांची नावं कुणी विचारावीत की नाही? ‘अलबेला’ चित्रपट लागला की माझा भाऊ संगीतकार सी. रामचंद्रांच्या आधी हळदोण्याच्या वादक चिक चॉकलेटचं नाव घ्यायचा. तू त्याच्याच मांडीवर वाढलीस ना? मग वाजवणाऱ्यांना विसरतेस कशी?

आणि देसीच्या ‘बाबालू’वर अमेयच्या लग्नाच्या संगीतात नाचणार म्हणतेस. ते गाणं मार्गारिता लेकुओनाचं. देसीच्या आधी मिगेलितो वाल्देसनं गाजवलं. त्याचंही ऐक, मग ठरव. शिवाय बाबालू आये हा रोगराईचा आणि रोग बरे करणारा देव. आफ्रिकेतून गुलाम करून नेलेल्या योरुबा लोकांनी तो मनात जपत क्युबात नेला, पुढे संत लाझारोच्या रूपात पुजला. खंडोबाच्या जागरणातलं पद म्हणायचं तर आपण चपला काढतो, एवढं भान इथेही ठेव. नाचू नकोस असं नाही. कुणाला हाक मारतेयस ते ठाऊक असू दे.

दर १७ डिसेंबरला हवानाजवळच्या एल रिंकोनला त्याचे भक्त जातात. नवस फेडायला काहीजण गुडघ्यांवर सरपटत जातात. हे लिहितानाच तुझा गुडघा आठवला. लिगामेंट फाटून वर्षही झालं नाही आणि कंबर हलवत, गिरक्या घेत नाचायचा बेत? फिजिओथेरपीचे व्यायाम सोडलेस असं तुझी आई सांगत होती. खरं आहे का? पट्टा बांधतेस ना? रात्री दुखतो का? डॉक्टरांना विचारल्याशिवाय तालमीला उभी राहू नकोस. त्यांनी काय सांगितलं ते मला लगेच कळव. आईला सांगायचं नसेल तर नको सांगूस, पण मला लिही.

तुझा,
मामा