अनोळखी इसम, वय अंदाजे चाळीस

फूटपाथवर झोपणारा माणूस चेहऱ्यावर चादर ओढून घेतो. मुंबईत डास बारा महिने, डोक्यावर खांबाचा दिवा, हातभर अंतरावरून जाणाऱ्या ट्रकची धूळ. चेहरा झाकल्याशिवाय डोळा लागत नाही. चपला बाहेर ठेवल्या तर सकाळी जागेवर नसतात, म्हणून त्या पेपरात गुंडाळून उशाला. पैसे कमरेला, आतल्या खिशात. दुकानांची शटरं खाली आली की पथारी पडते आणि ती वर जायच्या आत आवरावी लागते. मधे जेवढी मिळेल तेवढी झोप. किंग्ज सर्कलकडून शीवला रात्री उशिरा चालत येताना ही झाकलेली डोकी मी वर्षानुवर्षं पाहत आले आहे. दर वेळी तेच मनात येतं, की ज्याने या रस्त्यांवर डझनभर माणसं मारली, त्याने त्यांचे चेहरे बहुधा पाहिलेही नसतील.

हे १९८५ ते १९८८ या काळातलं. वर्तमानपत्रांनी त्याला ‘स्टोनमॅन’ म्हटलं. आडबाजूला एकटंच झोपलेलं कुणी हेरायचं आणि भलाथोरला दगड उचलून त्याच्या डोक्यात घालायचा. पद्धत एकच, आणि सगळे खून शीव-किंग्ज सर्कलच्या आसपासचे. शीवचा एक बेघर वेटर हल्ल्यातून निसटला, पण अंधारात त्याला समोरचा माणूस नीट दिसला नव्हता. १९८८च्या मध्यावर खून थांबले. कोणी केले, का केले, का थांबवले, यातलं काहीच उलगडलं नाही. पुढच्याच वर्षी कोलकात्यात तशाच रीतीने फूटपाथवरची तेरा माणसं मारली गेली. त्याचाही छडा आजवर नाही.

या सगळ्यात मला सर्वांत जास्त छळतो तो एक आकडा. एकाच पद्धतीने, एकाच भागात सहा खून पडेपर्यंत पोलिसांच्या हे ध्यानात आलं नव्हतं, की हे एकाचंच काम असावं. याला केवळ हलगर्जीपणा म्हणून मोकळं होता येत नाही. खुनाचा तपास मेलेल्या माणसापासून सुरू होतो. शेवटचा कोणाबरोबर दिसला, कोणाशी वाकडं होतं, कोणाचं देणं होतं, घरातून किती वाजता निघाला. इथे घरच नव्हतं. बहुतेकांची ओळखसुद्धा पटली नाही, कारण ते एकटे झोपत होते आणि त्यांना नावाने ओळखणारं जवळ कोणी नव्हतं. तपास पहिल्याच प्रश्नाशी अडला आणि दर खुनाला तिथेच अडत राहिला.

अशा वेळी कागदावर काय उरतं, ते आपल्याकडच्या पोलिसी मराठीत वाचावं. अनोळखी इसम, वय अंदाजे चाळीस, बांधा सडपातळ, रंग सावळा, अंगात फिकट निळा शर्ट, उजव्या हातावर गोंदलेले. मयताचे नातेवाईक मिळून आले नाहीत. वर्तमानपत्रात आतल्या पानावर अशा मजकुराची चौकट येते, शेजारी मिटलेल्या डोळ्यांचा फोटो. मी त्या चौकटी वाचते. गोंदलेलं काय असेल, यावर माझी नजर थांबते. बदाम असेल, देवाचं नाव असेल, बायकोचं असेल. कधीतरी कुठल्या तरी जत्रेत त्याने हात पुढे केला, सुया सोसल्या, म्हणजे आयुष्यभर अंगावर वागवावं असं कोणीतरी त्याला होतं. ते कोणीतरी आजही सेलम किंवा समस्तीपूर किंवा जालन्याकडे त्याची वाट पाहत असेल, पैसे का आले नाहीत म्हणत असेल. त्या घराला तो मेल्याचं कधीच कळणार नाही. खुनानंतरचं हे दुःख कोणत्याच नोंदवहीत नाही आणि मला ते खुनाइतकंच मोठं वाटतं.

ज्या १९८५ साली हे खून सुरू झाले, त्याच वर्षी १० जुलैला सर्वोच्च न्यायालयाने मुंबईच्या फूटपाथवासीयांबद्दलचा प्रसिद्ध निकाल दिला. निकाल लिहिणारे सरन्यायाधीश मराठी होते, यशवंतराव चंद्रचूड. चार वर्षांपूर्वी, १९८१च्या जुलैत, मुख्यमंत्री अंतुले यांनी फूटपाथवरच्या लोकांना उचलून आपापल्या गावी पाठवण्याचं जाहीर केलं होतं. भर पावसात झोपड्या पाडून लोकांना बसमध्ये बसवलं गेलं. त्याविरुद्ध पत्रकार ओल्गा टेलिस आणि खुद्द फूटपाथवासी न्यायालयात गेले. अर्जदारांत एक होता १९६१ साली सेलमहून कामाच्या शोधात आलेला भूमिहीन मजूर. त्यालाही बसने सेलमला धाडलं होतं. तो मुंबईला परत आला, कारण काम इथेच होतं.

जगण्याच्या हक्कात उपजीविकेचा हक्क येतो, माणसाची उपजीविका हिरावली तर त्याचं जगणंच हिरावलं जातं, असं न्यायालयाने म्हटलं. देशभरच्या वकिलांना आजही हा निकाल तोंडपाठ असतो. पण फूटपाथ चालणाऱ्यांचा आहे, हेही न्यायालयाने मान्य केलं आणि पावसाळा संपल्यावर, ३१ ऑक्टोबरनंतर, लोकांना हटवण्याची मुभा दिली. हटवलेल्यांनी झोपायचं कुठे, याचं उत्तर सगळ्यांना मिळालं नाही. जे पाठीला पाठ लावून, गोतावळ्याने राहत होते, त्यांच्यातला एकेक जण सुटा होत आडबाजूला सरकत असेल, असं मला वाटतं. हे मी सिद्ध करू शकत नाही. पण स्टोनमॅनला हवा होता तो एकटा माणूस, एवढं निश्चित.

मुंबईने हे आधीही पाहिलं होतं. रमण राघवने १९६५-६६मध्ये पूर्व उपनगरांत, रेल्वे रुळांच्या कडेने, आणि १९६८मध्ये उत्तर उपनगरांत झोपलेल्या माणसांना ठेचून मारलं. तो स्वतःही रस्त्यावरच झोपणारा. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये सब-इन्स्पेक्टर अॅलेक्स फियालो यांनी त्याला ओळखून पकडलं. तपासाची धुरा रमाकांत कुलकर्णींकडे होती. त्याला फाशीची शिक्षा झाली. मग तो मनोरुग्ण आहे आणि बरा होणारा नाही, हे डॉक्टरांनी तपासल्यावर उच्च न्यायालयाने १९८७ साली शिक्षा जन्मठेपेवर आणली. १९९५मध्ये पुण्याच्या ससून रुग्णालयात तो वारला. न्यायालयाने त्याचा आजार ओळखला, हे मला योग्यच वाटतं; कायद्याने असंच वागावं. पण त्याचं नाव, त्याचं जेवण, त्याचे भास, सगळं लिहून ठेवलेलं आहे, त्याच्यावर चित्रपट निघाले. त्याने मारलेल्यांपैकी एकाचं तरी नाव आपल्यातल्या कुणाला सांगता येईल का? मला येत नाही.

रस्त्यावर झोपणारा माणूस रिकामटेकडा असतो, हा समज फार चिवट आहे. १९८५ सालीच ‘स्पार्क’ संस्थेने मुंबईच्या फूटपाथवासीयांची शिरगणती केली, अहवालाचं नाव ‘वुई, द इनव्हिजिबल’. त्यातली माणसं कष्टकरी होती, कामाच्या जागेजवळ राहणारी, चालत कामावर जाणारी. हमाल, फेरीवाले, मोलकरणी, बिगारी. आपण ज्या हॉटेलात डोसा खातो तिथला वेटर रात्री कुठे झोपतो, हे आपण विचारत नाही. स्टोनमॅनच्या हल्ल्यातून जो वाचला, तो वेटरच होता.

आज किंग्ज सर्कलच्या उड्डाणपुलाखाली छान बाग आहे. सकाळी माणसं तिथे फिरतात, आणि बागेला माझा विरोध नाही. पण पूर्वी ज्या जागी अंग टाकता यायचं, अशा जागा शहरभर कमी होत चालल्या आहेत, ओट्यांवर खिळे आले आहेत, आणि माणूस आणखी अंधाराकडे सरकतो आहे.

सरकार या माणसांना मोजायला दहा वर्षांतून एकदा येतं. २०११च्या जनगणनेत २८ फेब्रुवारीच्या रात्री प्रगणक रस्त्यांवर, पुलांखाली, फलाटांवर फिरले. देशात १७ लाखांहून अधिक बेघर भरले, एकट्या मुंबईत पन्नास हजारांवर. २०२१ची जनगणना झालीच नाही. म्हणजे इतकी वर्षं या शहरात कोण कुठे झोपतं, याचा धड हिशेब नाही.

तरी एक मोजमाप हातात आहे. शहरातल्या दर एक लाख वस्तीमागे शंभर माणसांचा, चोवीस तास उघडा असणारा एक निवारा हवा, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१०मध्ये राज्यांना बजावलं आहे. मुंबईची वस्ती २०११ साली सव्वा कोटीच्या घरात होती, म्हणजे सव्वाशेच्या आसपास निवारे लागतात. शहर त्याच्या जवळपासही पोचलेलं नाही. तुमच्या वॉर्डात किती आहेत, ते रात्री उघडे असतात का, तिथे बाईला आणि कुटुंबाला जागा मिळते का, हे नगरसेवकाला आणि वॉर्ड ऑफिसला लेखी विचारा. उत्तर आलं नाही तर पुन्हा विचारा.