नरसीचा नामा आणि घरोघरचीं नांवें

मराठवाड्याच्या उत्तर अंगास, विदर्भाच्या हद्दीजवळ, कयाधू नांवाची एक नदी वाहते. पावसाळ्यांत ती दोन्ही थड्या भरून धांवते. उन्हाळ्यांत तिचें पात्र वाळू आणि खडक ह्यांच्या स्वाधीन होतें. पुढें ती पैनगंगेस मिळते. तिच्या कांठीं हिंगोली शहर वसलें आहे. निजामाच्या अमदानींत येथें हैदराबाद कंटिंजंट ह्या फौजेची छावणी होती. सन १९४८ मध्यें हैदराबाद संस्थान भारतांत विलीन झालें, १९५६ सालीं मराठवाडा मुंबई राज्यास जोडला गेला, १९६० सालीं महाराष्ट्र राज्य झालें, आणि १ मे १९९९ रोजीं परभणीपासून अलग होऊन हिंगोली हा स्वतंत्र जिल्हा झाला. काळी जमीन, कापूस, तूर, सोयाबीन आणि वसमतच्या बाजूची हळद ही ह्या जिल्ह्याची संपत्ति.

आम्ही ह्या मुलखांत गेलों तें त्याची एक निराळीच संपत्ति पाहण्यास. ती संपत्ति म्हणजे एक नांव. हिंगोलीपासून जवळच, कयाधूच्याच तीरावर, नरसी हें गांव आहे. आणि त्यास आतां लोक ‘नरसी नामदेव’ असेंच म्हणतात. गांवावरून माणूस ओळखला जावा ही आपली नित्याची रीत. चिपळूणकर, पुणतांबेकर हीं आडनांवें त्याच रीतीचीं. येथें मात्र माणसाच्या नांवावरून गांव ओळखलें जातें.

परंपरेप्रमाणें नामदेवांचा जन्म शके ११९२, म्हणजे इसवी सन १२७० मधला. जन्मस्थानाविषयीं पंडितांत एकवाक्यता नाहीं. कोणी तें पंढरपुरीं मानतात, तर कोणी कऱ्हाडच्या बाजूस नेतात. त्या वादांत शिरण्याचें आमचें प्रयोजन नाहीं. जें नांव उराशीं धरून हें गांव उभें आहे, त्या नांवाचा अर्थ काय आणि आपल्या घरांशीं त्याचा संबंध काय, एवढेंच आम्हांस पाहावयाचें आहे.

प्रथम त्या घरांतलींच नांवें पाहूं. वडील दामाशेटी, धंदा शिंप्याचा, आई गोणाई, पत्नी राजाई, बहीण आऊबाई, मुलगी लिंबाई. चार मुलगे नारा, विठा, गोंदा आणि महादा. चार सुना लाडाई, गोडाई, येसाई आणि साखराई. मुलग्यांचीं नांवें उलगडलीं कीं नारायण, विठ्ठल, गोविंद आणि महादेव हीं दैवतें निघतात. विठ्ठलाच्या ह्या निस्सीम भक्ताच्या घरीं चौथ्या पाळण्यास शंकराचें नांव बांधलें गेलें, ही गोष्ट लक्षांत ठेवण्यासारखी आहे. गंगाखेडाहून आलेली जनाबाई ह्याच घरांत राबली, आणि आपल्या अभंगांत तिनें स्वतःस ‘नामयाची दासी’ म्हणवून घेतलें. देवांचीं नांवें मुलांस ठेवण्यामागील हेतु आपल्या जुन्या लोकांनीं भागवतांतील अजामिळाच्या कथेवरून सांगितला आहे. मरणकाळीं त्यानें मुलास ‘नारायण’ म्हणून हांक मारली, आणि तेवढ्यानेंच तो तरला. दिवसाकाठीं दहा वेळां मुलास हांक मारावयाचीच आहे, तर ती देवाच्याच नांवानें कां न मारावी, असा हा साधा घरगुती विचार आहे.

पण ‘नामदेव’ ह्या नांवाची गंमत आणखी निराळी आहे. ह्यांत विष्णूचें वा शिवाचें नांव नाहीं. ह्यांत ‘नाम’ हा शब्दच आहे. समास कर्मधारय धरला, तर ‘नामरूपी देव’ असा अर्थ होतो. बहुव्रीहि धरला, तर ‘नाम हाच ज्याचा देव’ तो नामदेव. ज्या पंथानें यज्ञयागांपेक्षां नामस्मरण श्रेष्ठ मानलें, त्या पंथाच्या आद्य कीर्तनकाराचें नांवच ‘नाम’ असावें, हा योग विलक्षण खरा. अभंगाच्या शेवटीं मुद्रा घालतांना ते आपणांस नुसतें ‘नामा’ म्हणतात. हें नांव पुढें इतकें प्रिय झालें कीं, सोळाव्या शतकांत विष्णुदास नामा ह्या नांवाचा दुसरा कवि झाला, आणि दोघांच्या रचना एकमेकींत मिसळून गेल्यामुळें त्या वेगळ्या करतांना अभ्यासकांची अद्याप दमछाक होते.

नरसीहून आम्ही औंढ्यास गेलों. औंढा नागनाथ हें बारा ज्योतिर्लिंगांपैकीं एक. द्वारकेजवळचें नागेश्वरही तोच मान सांगतें. देऊळ यादवकालीन, हेमाडपंती घडणीचें. वरचा भाग मागाहून बांधलेला आहे हें पाहतांक्षणींच कळतें, कारण खालच्या काळ्या दगडावरील मूर्तींची दाटी तेथें एकदम थांबते. पिंडी तळघरासारख्या गाभाऱ्यांत आहे. अरुंद पायऱ्यांनीं वांकून उतरावें लागतें. ह्या भागांत नागनाथ, नागोराव हीं नांवें घरोघर कां ऐकूं येतात, हें येथें निराळें सांगावें लागत नाहीं.

नामदेवांचे गुरु विसोबा खेचर ते येथलेच. गोरोबांनीं संतांच्या डोक्यांवर थापटणें मारून पाहिलें आणि नामदेवांचें मडकें कच्चें ठरविलें, ही कथा सर्वांस ठाऊक आहे. गुरूच्या शोधांत नामदेव औंढ्यास आले, तों एक म्हातारा पिंडीवर पाय ठेवून निजलेला. पाय दुसरीकडे ठेवावे म्हणून उचलले, तर जेथें पाय ठेवावे तेथें पिंडी उभी! ह्या गुरूचें नांवही विचार करण्यासारखें आहे. संस्कृतांत ‘ख’ म्हणजे आकाश. तेव्हां आकाशांत संचार करणारा तो खेचर. मराठींत मात्र खेचर म्हणजे घोडा व गाढव ह्यांच्या संकरापासून झालेलें ओझ्याचें जनावर. विसोबांनीं पूर्वीं ज्ञानेश्वरादि भावंडांचा छळ केला, तेव्हां त्यांस हें दुसऱ्या अर्थाचें नांव मिळालें, असें परंपरा सांगते. जें नांव हिणवण्यासाठीं पडलें, तेंच त्यांनीं पुढें भूषण म्हणून मिरविलें, आणि आज आपण त्याचा अर्थ आकाशाकडे लावतों. ‘नांव ठेवणें’ आणि ‘नांवें ठेवणें’ ह्यांत मराठीनें इतकें थोडें अंतर कां ठेवलें असावें, तें येथें समजतें.

औंढ्याची दुसरी कथा आम्हां ब्राह्मणांनीं विशेष आठवावी अशी आहे. नामदेव देवळासमोर कीर्तन करूं लागले, तेव्हां पुजाऱ्यांनीं त्यांस तेथून उठवून मागील बाजूस पाठविलें. तेथें कीर्तन रंगलें, आणि देऊळच फिरून त्यांच्या समोर आलें. नंदी येथें देवळाच्या पाठीमागें आहे, त्याचें कारण भाविक हेंच सांगतात. तिसरी कथा मंगळवेढ्याची. चोखोबा तेथें वेशीच्या कामावर असतां भिंत कोसळून दगावले. ढिगाऱ्यांत हाडें अनेकांचीं, चोखोबांचीं कोणतीं? ज्या हाडांतून ‘विठ्ठल’ हा ध्वनि आला, तीं नामदेवांनीं वेंचलीं व पंढरपुरास आणून महाद्वारासमोर समाधि दिली. तेथेंच नामदेवांची पायरी आहे. ह्या कथांतील चमत्कार कोणी मानो वा न मानो. त्या रचणाऱ्या समाजास काय म्हणावयाचें होतें, तें स्पष्ट आहे. जातीवरून मागें लोटलेला माणूस नांवानें पुढें येतो, आणि देह मोडला तरी नांव मोडत नाहीं.

हें नांव महाराष्ट्राबाहेरही गेलें. पंजाबांत गुरुदासपूर जिल्ह्यांत घुमान येथें नामदेवांचें वास्तव्य झालें असें मानतात. शिखांच्या गुरु ग्रंथ साहिबांत त्यांचीं ६१ पदें आहेत, आणि सन २०१५ मध्यें ८८ वें अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन डॉ. सदानंद मोरे ह्यांच्या अध्यक्षतेखालीं घुमान येथेंच भरलें. महाराष्ट्रांत एका समाजानें ‘नामदेव शिंपी’ असें ह्या नांवावरून आपलें नांव सांगितलें. सन १९७२ मध्यें ‘गोलपिठा’ लिहून मराठी कवितेस हादरा देणारे कवि ढसाळ, तेही नामदेवच.

आतां वाचकांनीं आपल्या घरांतील पाळण्यांकडे वळावें. आमच्या ओळखीच्या ब्राह्मण घरांतून ज्ञानेश्वर, एकनाथ, रामदास, मुक्ता हीं नांवें ऐकूं येतात. नामदेव, तुकाराम, गोरोबा हीं क्वचित्, आणि चोखोबा तर नाहींच. ‘तीं नांवें जुनाट वाटतात’ असें उत्तर मिळतें. परंतु ज्ञानेश्वर हें नांव नामदेवांहून नवें कोठें आहे? दोघे समकालीन, दोघांनीं तीर्थयात्रा बरोबर केली असें परंपरा सांगते. नामदेवांचे अभंग आपण देवघरांत म्हणतों, त्यांच्या पायरीवर मस्तक ठेवतों. पण त्यांचें नांव आपल्या नातवास देत नाहीं. नांवांत जात कशी लपून बसते, ह्याचें ह्याहून स्वच्छ उदाहरण आम्हांस सांपडत नाहीं.

नांवाचा दुसरा प्रश्न स्त्रियांचा. नरसीच्या देवळांत एक लहानसा प्रसंग घडला. आमच्या मंडळींत ऐंशी उलटलेल्या एक आत्याबाई होत्या. ओसरीवर बसलेल्या गांवच्या म्हातारबाईंनीं त्यांस सहज विचारलें, “बाई, तुमचं नांव काय म्हणायचं?” आत्याबाईंनीं नांव सांगितलें. त्यावर पुन्हा प्रश्न आला, “हें सासरचं झालं, माहेरचं काय?” आत्याबाई क्षणभर थांबल्या, आणि मग त्यांनीं तें दुसरें नांव सांगितलें. आमच्यापैकीं तरुणांनीं तें आजवर ऐकलेंच नव्हतें. “भाऊ गेल्यापासून ह्या नांवानं हांक मारणारं कुणी उरलं नाहीं,” एवढेंच त्या म्हणाल्या. म्हातारबाई म्हणाल्या, “मग आज मी मारतें,” आणि खरोखरच त्यांनीं त्या नांवानें हांक मारून प्रसाद दिला.

विवाहांत ताटांतील तांदुळांवर अंगठीनें वधूचें नवें नांव लिहितात, तेव्हां सर्वांस कौतुक वाटतें. पण त्याच क्षणीं एक नांव पुसलें जातें. आपल्या शास्त्रानें नामकरण हा संस्कार मुलामुलींच्या जन्मानंतरचा सांगितला. मासनाम, देवतानाम, नाक्षत्रनाम आणि व्यावहारिक नाम असे भेद केले. मुलाच्या नांवांत सम व मुलीच्या नांवांत विषम अक्षरें असावीं इतकी बारकाई केली. एवढ्या काळजीनें, आत्यानें कानांत सांगून दिलेलें नांव अठरावीस वर्षांनीं ताटांत मोडावें, हें त्या संस्काराचा मान राखणें कसें होईल?

नांव ही केवढी मोठी ठेव आहे, हें दूरच्या फिनलंड देशानें जगास दाखविलें आहे. तो देश १८०९ पासून १९१७ पर्यंत रशियाच्या ताब्यांत होता, आणि सुशिक्षितांची भाषा स्वीडिश होती. एलियास ल्योनरोट नांवाच्या डॉक्टरानें खेडोपाडीं हिंडून लोकगीतें जमविलीं व त्यांतून ‘कालेवाला’ हें महाकाव्य १८३५ मध्यें व वाढवून १८४९ मध्यें प्रसिद्ध केलें. त्या गीतांत ‘आइनो’ हा शब्द ‘एकुलती’ अशा अर्थाचें विशेषण होता. ल्योनरोटनें त्याचें एका मुलीचें नांव केलें. ह्या आइनोस तिचा भाऊ, तिला न विचारतां, एका वृद्ध गायकास देऊं करतो. आणि ती लग्नापेक्षां पाण्यांत नाहींशी होणें पत्करते. फिनिश आईबापांनीं तें नांव उचललें, आणि आपल्या भाषेचा अभिमान म्हणून मुलींस ‘आइनो’ म्हणूं लागले. संगीतकार सिबेलियस ह्यांच्या पत्नीचें नांव हेंच. तेथें पंचांगासारख्या दिनदर्शिकेंत दररोज कांहीं नांवें छापलेलीं असतात. त्या त्या दिवशीं त्या नांवाच्या माणसाचें अभिनंदन करतात. आइनोचा दिवस १० मे. शब्द लोकगीतांतला, पण नांव झाल्यावर तो राष्ट्राचा झाला.

आपल्याकडेही वारा बदलत आहे. महाराष्ट्र शासनानें १ मे २०२४ पासून व पुढें जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांत मुलाच्या नांवानंतर आईचें नांव, मग वडिलांचें, अशी रीत घातली आहे. नामदेवांची आई गोणाई, हें महाराष्ट्र सातशें वर्षें विसरला नाहीं. आतां प्रत्येक आईचें नांव लिहिलें जाईल.

तेव्हां आमची सूचना एवढीच. घरांत पाळणा हालेल, तेव्हां नांवांच्या पुस्तकांत नवलाईचे शब्द धुंडाळण्यापूर्वीं घरच्या मंडळींनीं एकत्र बसावें, आणि ज्यांच्या अभंगांवर आपलीं मनें पोसलीं त्यांचीं सगळ्यांचीं नांवें, जातीची चाळण न लावतां, समोर ठेवावीं. घरांत सून येईल, तेव्हां तिचें नांव तिच्याजवळच राहूं द्यावें. आणि घरांत वृद्ध स्त्रिया असतील, त्यांस त्यांचें माहेरचें नांव आजच विचारून घ्यावें व एखाद्या वेळीं त्या नांवानें हांक मारावी. नामस्मरणाचें पुण्य त्यांतही आहे.