रुमाना हुसेन : दंगलींनंतरचे मौन

इतिहासाची साधने म्हटली की ताम्रपट, बखरी, नाणी आठवतात. मला रुमाना हुसेनही आठवतात.

१९५२ साली बंगळुरूत जन्मलेल्या या चित्रकर्ती. १९९२ चा बाबरी विध्वंस आणि त्यानंतरच्या मुंबईतील दंगलींनी त्यांची कला पालटली. कॅनव्हासकडून त्या मांडणशिल्पाकडे आणि स्वतःच्या देहाकडे वळल्या. १९९५ मध्ये मुंबईच्या एनसीपीएत त्यांनी ‘लिव्हिंग ऑन द मार्जिन्स’ सादर केले. पायांत घुंगरू, हाती अर्धी चिरलेली पपई, उघडे मुख. पण किंकाळी नाही. १९९९ मध्ये त्यांचे निधन झाले.

मी केवळ छायाचित्रे पाहिली. त्यांत घुंगरांचा नाद उरलेला नाही. तरीही त्या काळाचा अभ्यास करताना ती मी चौकशी अहवालाशेजारी ठेवतो. अहवाल मृतांची संख्या सांगतो; ही छायाचित्रे मागे राहिलेल्यांचे मौन.