किल्ल्याविना सिंधुदुर्ग

मालवणाहून आलेली एसटी महामार्गाला लागली आणि मी कसाल तिठ्यावर उतरलो. सिंधुदुर्ग स्टेशन इथून कुडाळच्या दिशेला, ओरसला. रिक्षावाल्याला नुसतं 'सिंधुदुर्ग' म्हटलं, तर तो माझ्याकडे बघतच राहिला. "टेसनार ना?" त्याचं बरोबर होतं. खरा सिंधुदुर्ग मी सकाळीच पाहून आलो होतो: कुरटे बेटावरचा, १६६४ साली शिवरायांनी पाया घातलेला, चहूबाजूंनी पाण्याचा. स्टेशनवर समुद्राचा वाससुद्धा नाही. किल्ल्याचं नाव १९८१ साली झालेल्या जिल्ह्याला मिळालं, जिल्ह्याचं स्टेशनला.

फलाटावर माणसं थोडी, बोचकी फार. शेजारच्या बाकावर एक आजी फणसाचं पोतं पायाशी घेऊन बसल्या होत्या. त्यांचा झील, म्हणजे मुलगा, मुंबईला. "गाडी येतली मां?" असं त्यांनी तीनदा विचारलं. बाजूच्या रुळावर रो-रो उभी: उघड्या वाघिणींवर मालाने भरलेले ट्रक, एकाच्या आरशाला वाळत घातलेली लुंगी, आणि स्टिअरिंगवर पाय टाकून घोरणारा ड्रायव्हर. घाट न चढता ट्रक पुढे नेण्याची ही युक्ती कोकण रेल्वेने १९९९ साली काढली. मार्ग बराचसा एकेरी, त्यामुळे समोरची गाडी येईपर्यंत कुणीतरी थांबायचंच. आज पाळी ट्रकांची.

पण थांबण्याची सवय या भागाला जुनी. बोट नाहीतर एसटी, चाकरमान्याला तिसरी वाट नव्हती. राजापूर मतदारसंघाचे खासदार बॅ. नाथ पै १९७१ मध्ये गेले. त्यांच्यामागून मधु दंडवते तिथून पाच वेळा निवडून आले आणि रेल्वेचा प्रश्न लावून धरला. १९९० साली दंडवते अर्थमंत्री, जॉर्ज फर्नांडिस रेल्वेमंत्री. त्या जुलैत कोकण रेल्वे महामंडळ स्थापन झालं आणि ई. श्रीधरन यांनी काम हाती घेतलं. रोह्यापासून मंगळुरूजवळच्या ठोकूरपर्यंत सातशे चाळीसेक किलोमीटर, डोंगर पोखरत. २६ जानेवारी १९९८ला सगळा मार्ग खुला झाला.

या जांभ्या मातीचा भरवसा मात्र पावसाळ्यात धरता येत नाही. २००३च्या जूनमध्ये वैभववाडीजवळ दरड कोसळून गाडी घसरली, पन्नासच्या वर माणसं गेली. म्हणून पावसाळ्यात गाड्यांचा वेग कमी, वेळापत्रक वेगळं आणि रात्रभर रुळांवर गस्त. उशिरावर चिडणाऱ्याने भर आषाढात कंदील घेऊन चालणारा तो माणूस एकदा आठवावा.

असल्या लहान स्टेशनावर बसलं की आणखी एक स्टेशन आठवतं. जपानात होक्काइदोतलं कामी-शिराताकी हे स्टेशन एका शाळकरी मुलीसाठी चालू ठेवलं, अशी गोष्ट मोबाईलवर फार फिरली. मुलगी खरी, पण ती चढायची त्याच मार्गावरच्या क्यू-शिराताकीला. मार्च २०१६मध्ये दोन्ही बंद झाली. तिथे गावं रिकामी होत गेली तशी स्टेशनं मिटली. आमचीही माणसं मुंबईला गेलीच. पण गणपतीला आणि शिमग्याला परत येतात, म्हणून फलाट भरतो.

दिवा पॅसेंजर आली. आजींचं पोतं दोघांनी आत ढकललं, मी मागोमाग चढलो. किल्ला बघायला येणार असाल, तर स्टेशनबाहेर बुरूज शोधू नका. आधी कसाल तिठा गाठा. तिथून मालवण अजून तीसेक किलोमीटर आहे.