मनीचा चाळा

मांजराइतका नीटनेटका प्राणी घरांत दुसरा नाहीं. जागेपणींचा बराच काळ तें अंग चाटण्यांत घालवितें. त्याच्या जिभेवर घशाकडे वळलेले बारीक कांटे असतात. त्यांनीं केंस विंचरले जातात व धूळ निघते. परंतु हीच स्वच्छता मर्यादा सोडूं लागली म्हणजे काय होतें, हें आमच्या मनीमुळें आम्हांस कळलें.

महालांतील जुना वाडा सोडून आम्ही धरमपेठेंत राहावयास आलों. पुढील दोन महिन्यांत मनीच्या पोटावरील केंस नाहींसे झाले. रात्रीं सामसूम झाली कीं तिच्या जिभेची खरखर ऐकूं येई. आजी म्हणे, दृष्ट लागली. धाकटा भाऊ तिला दटावी. तशी ती कपाटाखालीं शिरून अधिकच चाटी. तिला पुन्हां महालांत सोडून यावें, असेंही बोलणें घरांत निघालें. शेवटीं वडिलांनीं तिला पशुवैद्यांकडे नेलें.

त्यांनीं आधीं शरीराचा विचार केला. पिसवा, गजकर्ण, अन्नाचें वावडें, मूत्राशयाची वेदना, हीं सर्व कारणें तपासलीं. हा क्रम किती योग्य, तें मला पुढें वाचनांत समजलें. मनाच्या अस्वस्थतेनें केंस गेले असा संशय असलेल्या २१ मांजरांची तपासणी २००६ सालीं प्रसिद्ध झाली. त्यांपैकीं १६ जणांत कारण शारीरिक निघालें, ३ जणांत दोन्ही, आणि निव्वळ मानसिक अवघ्या दोघांत!

मनीच्या शरीरांत मात्र दोष सांपडला नाहीं. मांजराचा जीव जागेवर जडलेला असतो. चौकटीस गाल घासून तें आपल्या वासाची खूण सर्वत्र ठेवितें. नव्या घरांत ती खूण नव्हती. भांबावलेला प्राणी अंग चाटतो, त्यानें क्षणभर स्वस्थता मिळते. वारंवार केल्यानें त्याचा चाळा होतो, आणि मूळ कारण सरलें तरी चाळा उरतो. कित्येक मांजरें, विशेषतः सयामी व बर्मी जातींचीं, लोंकरीचे कपडे चोखतात. धागा पोटांत गेल्यास आंतडें अडून प्राणावर बेतूं शकतें.

उपाय साधे होते. जेवणाच्या वेळा ठरल्या. वाड्यांतील जुनी गोधडी शांत कोंपऱ्यांत अंथरली; खिडकीशीं उंच फळी बसविली. दोरीला पीस बांधून सकाळ-संध्याकाळ तिला शिकारीचा खेळ दिला. दटावणें बंद झालें. दुखणें विकोपास गेल्यास पशुवैद्य औषधही देतात. परंतु माणसांचें औषध आपल्या मनानें कधींही देऊं नये. पॅरासिटामॉल मांजरास विषच आहे. आपल्या नागपुरांत तर सेमिनरी हिल्सवर १९५८ सालीं स्थापन झालेलें पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे.

चार महिन्यांत मनीच्या पोटावर मऊ लव आली. दिवाळींत फटाके वाजले कीं चाळा थोडा उचल खातो, एवढेंच.

परीक्षा जवळ आली म्हणजे आपल्यांतील कित्येक जण नखें कुरतडतात. हातावर चापट मारल्यानें ती संवय जात नाहीं; मनांतील भीति कोणीं तरी ओळखावी लागते. मुक्या प्राण्यास ती बोलूनही दाखवितां येत नाहीं. त्याचा चाळा हीच त्याची तक्रार समजून ती ऐकण्याचा धीर आपण धरावा.