काळोखाच्या कथा आणि आपली मुले

पवारांच्या राज्यांबरोबर माळव्यात येऊन धार-देवासला स्थायिक झालेल्या मराठी घरांतून अलीकडे एक नवी चिंता माझ्या कानी येते. घरातला मुलगा रात्री उशिरापर्यंत जपानी चित्रकथा, म्हणजे 'अ‍ॅनिमे', पाहत बसतो. आणि त्यांत ससे-हरणे नसून खून, सूड, आत्महत्या असतात. 'फादर, हे बंद करावे का?' असा प्रश्न एकाहून अधिक मातापित्यांनी विचारल्यावर त्यांपैकी दोन कथा मी स्वतः पाहिल्या. जपानात ही कला केवळ बालकांच्या करमणुकीपुरती नाही. प्रौढांचे दुःखही ती हाताळते.

पहिली 'डेथ नोट', २००६-०७ सालची, ३७ भागांची. लाईट यागामी या बुद्धिमान विद्यार्थ्याला एक वही सापडते. तीत ज्याचे नाव लिहावे, तो मरतो. गुन्हेगारांना मारून जग शुद्ध करण्याचा विडा तो उचलतो. आरंभी पाहणाराही मनोमन त्याच्या बाजूचा होतो. पुढे माग काढणाऱ्या निरपराध अधिकाऱ्यांचाही तो बळी घेतो, आणि आपण कोणाला दाद देत होतो हे पाहणाऱ्याला उमगते.

दुसरी नाओको यामादा यांनी दिग्दर्शित केलेली 'अ सायलेंट व्हॉइस', २०१६ सालची. शोया नावाचा मुलगा बहिऱ्या शोकोचा वर्गात छळ करतो, तिची श्रवणयंत्रे मोडतो. काही वर्षांनी खुणांची भाषा शिकून तो तिच्यासमोर उभा राहतो. दोघेही जीव देण्याच्या काठापर्यंत जातात. क्षमा येथे स्वस्तात मिळत नाही.

पवित्र शास्त्रही अशा काळोखापासून तोंड फिरवीत नाही. काइनाच्या हातून भाऊ मारला जातो. दावीद राजा उरीयाची पत्नी घेतो आणि त्याला युद्धात मरणाच्या तोंडी देतो. नाथान संदेष्टा राजाला थेट दोष देत नाही. गरिबाच्या एकुलत्या मेंढीची गोष्ट सांगतो. राजा त्यातील अपराध्यावर संतापतो, आणि मग तो अपराधी आपणच असल्याचे त्याला कळते. काळोखाची कथा पारखावयाची ती येथे. ती पाहणाऱ्याला स्वतःपर्यंत आणते, की परक्याच्या रक्ताची चटक लावते?

आपल्याच जिल्ह्यातील घटना आठवा. उदयनगर परिसरातील गरिबांसाठी झटणाऱ्या सिस्टर राणी मारिया यांची २५ फेब्रुवारी १९९५ रोजी इंदूरकडे जाणाऱ्या बसमधील प्रवासात हत्या झाली. २००२ साली त्यांची बहीण सिस्टर सेल्मी पॉल यांनी तुरुंगात जाऊन मारेकऱ्याच्या हाती राखी बांधली. ही हकिगत मुलांना सांगताना सुऱ्याचे वार वगळले, तर राखीला वजन उरत नाही. राखी वगळली, तर ती नुसती गुन्ह्याची बातमी होते. कथाकाराने दोन्ही सांगितले पाहिजे.

म्हणून मातापित्यांना माझे सांगणे असे. अशी प्रत्येक कथा मुलांच्या हाती द्यावी असे नाही. क्रौर्याचा बाजार मांडणाऱ्याही पुष्कळ आहेत आणि कोवळ्या वयाला चांगली कथासुद्धा पेलत नाही. परंतु मोबाईल हिसकावून घेण्यापूर्वी एक भाग मुलाशेजारी बसून पाहा. संपल्यावर विचारा : कोणाला दुखापत झाली? कथेने त्याची आठवण ठेवली का? तुला कोणाच्या जागी उभे राहावेसे वाटले? उत्तरात मुलाचे स्वतःचे दुःख डोकावले, कोणी त्याचा छळ करीत असल्याचे किंवा जगणे नकोसे झाल्याचे कळले, तर उपदेश करू नका. शांतपणे ऐका, त्याला एकटे सोडू नका आणि विनाविलंब डॉक्टरांचे साहाय्य घ्या. आपल्या लेकराच्या मनातील काळोख जपानातल्या चित्रकाराला आधी कळावा आणि आपल्याला मागाहून, असे होऊ नये.